जुनी रशियन गिटार हाती आली तर : सात तारा आणि पहिलं गाणं

सोव्हिएत काळातली एखादी जुनी गिटार मिळाली, तर तारा छेडण्याआधी वरच्या नटच्या, म्हणजे डोक्यापाशी तारा ज्या पट्टीवर टेकतात तिच्या, खाचा मोजा. सात असतील तर ती खरी रशियन गिटार. खाचा सहा आणि डोक्यावर एक खुंटी रिकामी दिसली, तर कुणीतरी तिची सहा तारांची करून टाकली आहे. असं पुष्कळ गिटारींचं झालं. माझं कळकळीचं सांगणं आहे, सात खाचांचा नट करून घ्या. ही गिटार जशी बोलते, ते त्या सात तारांच्या जुळणीमुळेच.

आता ब्रिज, म्हणजे पेटीवरची तारा अडकवायची पट्टी. त्याच्या कडेखाली कागद सरकत असेल तर डिंक सुटलाय. तारा चढवू नका, आधी कारागिराकडे न्या.

मग नेक, म्हणजे गिटारची मान. बऱ्याच रशियन गिटारींची नेक चिकटवलेली नसते, मागच्या बाजूला तिच्या मुळाशी असलेल्या एका बोल्टवर ती उभी असते. तारा फ्रेटपासून (नेकवरच्या आडव्या धातूच्या पट्ट्यांपासून) फार उंच गेल्या असतील तर आधी सगळ्या तारा सैल करा, मगच बोल्टला हात लावा. बोल्ट आवळला की नेकचं मूळ गिटारच्या पेटीकडे ओढलं जातं, नेक मागे कलते आणि तारा खाली येतात. एका वेळी पाव फेरा, पुन्हा तारा ताणून बघायचं. बाराव्या फ्रेटवर 3 मिलिमीटरच्या आसपास उंची राहिली की थांबा. बोल्ट अडला तर जोर करू नका, जुनं लाकूड चिरतं.

सात तारांचा सेट आपल्याकडच्या दुकानात सहसा मिळत नाही. साधा सहा तारांचा 0.011 चा (सर्वांत बारीक तारेची इंचातली जाडी) स्टीलचा सेट घ्या आणि 0.036 ची एक सुटी तार. सेटमधल्या बी, जी, डी या तारा आहेत त्याच सुरात राहतात. दोन्ही ई उतरवून डी करायच्या, ए उतरवून जी. सुटी तार डी आणि ए यांच्या मध्ये बसते, तिचा सूर बी. तीन तारा उतरल्यामुळे सातवी तार वाढूनही गिटारवरचा ताण फार वाढत नाही.

हार्मोनियमवाल्यांना हे चटकन कळेल : पांढरी पाच सा धरा. जाड तारेपासून बारीक तारेपर्यंत प सा ग प सा ग प. काही न दाबता हात फिरवला तरी पूर्ण मेजर कॉर्ड (एकत्र वाजणारे सा ग प) वाजतो. गिटारवादक आंद्रेई सिख्रा (1773–1850) यानं हीच जुळणी रशियात रुजवली.

पाचव्या फ्रेटवर एक बोट आडवं टाकलं की म ध सा, सातव्यावर प नि रे. आणि मला सगळ्यात आवडणारी गंमत : तिन्ही प दुसऱ्या फ्रेटवर दाबा, प चा ध होतो आणि तोच कॉर्ड एकदम उदास, मायनर होऊन जातो. सर्वांत जाड तार डाव्या अंगठ्यानं, नेकच्या वरून दाबायची. शास्त्रीय गिटारचे शिक्षक यासाठी रागावतात, रशियन वादकांची मात्र ही नेहमीचीच पद्धत.

उजव्या अंगठ्यानं खालचा सूर, मग बोटांनी वरच्या तारा दोनदा. एक-दोन-तीन, एक-दोन-तीन. मोकळ्या तारांचा मेजर आणि हा मायनर, याच दोन कॉर्डवर दहा मिनिटं राहा आणि त्यावर स्वतःची कविता म्हणा. सोव्हिएत कवी-गायक बुलात ओकुजावा 1950 च्या दशकात स्वतःचे शब्द असेच मित्रांच्या घरी, मोजक्या कॉर्डवर गायचा. ती गाणी घरच्या टेपरेकॉर्डरवर एकमेकांकडून उतरवून घेत देशभर गेली. ऐकणारा शब्दांसाठी बसलेला असतो, म्हणून ओळ संपेपर्यंत तारा हळू, ओळ संपल्यावर मोकळ्या. गुरगुरत्या आवाजाचा दुसरा सोव्हिएत कवी-गायक व्हिसोत्स्कीही सात तारांचीच वाजवायचा, पण नेहमीपेक्षा खाली उतरवून. पांढरी पाच तुमच्या गळ्याला चढी वाटली, तर सातही तारा एकेक स्वर उतरवा. बोटं तीच राहतात.