शैलीदार पोर्ट्रेट रंगवताना या चुका टाळा

शैलीदार पोर्ट्रेटमध्ये, म्हणजे काही वैशिष्ट्यं मुद्दाम वाढवून रंगवलेल्या व्यक्तिचित्रात, चेहरा फसला की खापर रंगांवर फुटतं. दुखणं बहुतेकदा त्याआधीचं असतं: कवटीची रचना नाहीतर उजेड-सावलीची विभागणी.

सगळंच मोठं करणं
डोळे, ओठ, केस सगळंच वाढवलं की अतिशयोक्ती जाणवत नाही, कारण तुलनेला लहान काही उरत नाही. एकच गोष्ट निवडा. डोळे मोठे हवेत तर नाक-तोंड आटोपशीर ठेवा. त्याआधी खरं प्रमाण हातात बसू द्या: समोरून पाहताना डोळे डोक्याच्या उंचीच्या साधारण मध्यावर येतात. नवशिके ते वर सरकवतात आणि कवटीला जागाच उरत नाही. चेहरा थोडा वळलेला असेल तर पलीकडचा डोळा अरुंद दिसतो. दोन्ही सारखे काढू नका.

सावलीत उजेड घुसवणं
सर्वांत जास्त चित्रं इथे बिघडतात. सुरुवातीला त्वचेला दोनच छटा द्या, एक उजेडाची, एक सावलीची. मधल्या छटा नंतर. नियम कडक आहे: त्वचेच्या सावलीतला सर्वांत फिकट भागही उजेडातल्या सर्वांत गडद भागापेक्षा गडदच हवा. जबड्याखालचा परावर्तित उजेड, म्हणजे आसपासच्या पृष्ठभागांवरून उसळून आलेला उजेड, फार फिकट केला की त्वचा धातूसारखी दिसते. डिजिटल चित्रात सर्वांत वर काळ्याने भरलेला लेअर (चित्रावरचा वेगळा थर) ठेवा आणि त्याचा ब्लेंड मोड, म्हणजे थर खालच्या रंगांत कसा मिसळतो ती सेटिंग, 'कलर' करा. रंग जाऊन फक्त गडद-फिकटपणा उघडा पडतो. कागदावर काम असेल तर डोळे किलकिले करून बघा.

काळा मिसळून सावली करणं
त्वचा राखाडी, निर्जीव होते. सावली तांबूस किंवा जांभळट तपकिरीकडे न्या. नाक, गाल, कान थोडे लालसर ठेवा, कारण तिथे रक्तवाहिन्या त्वचेजवळ असतात. मात्र रंग बदलताना गडदपणा बदलू देऊ नका. डोळ्याचा पांढरा भागही शुद्ध पांढरा नसतो. वरच्या पापणीची सावली त्यावर पडते.

सगळीकडे एअरब्रश
एअरब्रश म्हणजे मऊ कडेचा ब्रश. तो सगळीकडे फिरवला की चेहरा फुग्यासारखा होतो. मोठ्या, कडक कडेच्या ब्रशने आधी कपाळ, गाल, नाकाच्या बाजू हे सपाट पृष्ठभाग मांडा. मग गाल गोलाईने वळतो तिथेच कड मऊ करा. नाकाची गालावर पडलेली सावली नाकाजवळ धारदारच राहू द्या.

केस एकेक काढू नका. आधी मोठे झुपके, शेवटी मोजक्या बटा. आणि दर १५-२० मिनिटांनी कॅनव्हास आडवा उलटवा (डावं उजवीकडे), कागद असेल तर आरशात बघा: तिरका जबडा, वरखाली झालेले डोळे लगेच दिसतात.