राज्यशास्त्र मेजर घेताय? मग आधी या चुका टाळा

बारावीचा निकाल लागला की आपल्याकडे जळगाव असो, धुळे असो नाहीतर नंदुरबार, एक डायलॉग ठरलेला असतो, "एमपीएससी करायचीय ना भो, मग पॉलिटिकल घे!" मामा पण तेच सांगतात, क्लासवाले सर पण तेच, आणि पोरगं फॉर्म भरून मोकळं. पहिली चूक इथंच होते. यूपीएससीला काय किंवा राज्यसेवेला काय, डिग्री कुठलीही चालते आणि परीक्षेतला ऑप्शनल, म्हणजे आपण निवडायचा विषय, डिग्रीचाच घ्या अशी सक्ती पण नाही. राज्यघटना, पंचायत राज हे तर इंजिनिअरिंगवाल्यालाही वाचावंच लागतं. बीएच्या मेजरमधे, म्हणजे मुख्य विषयात, प्लेटो, मॅकियाव्हेली, सार्वभौमत्व असली थिअरी बरीच येते, ती नकोच असेल तर मग पुढचे सहा सेमिस्टर नुसते ढकलावे लागतात.

टीव्हीवर डिबेट बघायला आवडतात म्हणून हा विषय घेणारेही बरेच. पारावर बसून कुणाची सीट निघेल ते सांगणारे गावोगावी आहेत, पण इथं प्रश्न येतो की लोक राज्यसंस्थेचं ऐकतातच का? म्हणून आधी उमविच्या (उत्तर महाराष्ट्र विद्यापीठाच्या) साइटवरून सिलॅबसची पीडीएफ उतरवा, सीनियरकडून दोनतीन जुने पेपर घ्या, एक उत्तर घरी लिहून बघा. लिहिताना मजा आली तर बिनधास्त घ्या.

आता मायनर, म्हणजे मेजरसोबतचा दुय्यम विषय. खरा घोळ इथं असतो आणि लक्ष कुणाचंच नसतं. मैत्रिणीने घेतला म्हणून, स्कोअरिंग आहे म्हणून, लेक्चर लवकर सुटतं आणि गावाची एसटी सापडते म्हणून (हे कारण खोटं नाही, चोपडा-यावलकडून अपडाउन करणाऱ्यांना विचारा) मायनर ठरतो. खरं तर पुढं काय करायचंय त्यावरून तो ठरवायला पाहिजे. अर्थशास्त्र घेतलं तर बजेट, जीएसटीचं वाटप कळायला लागतं आणि माझ्या मते राज्यशास्त्रासोबत सगळ्यात चांगली जोडी हीच. माजी राष्ट्रपती प्रतिभाताई पाटलांचं एमए जळगावच्या एमजे कॉलेजातून याच दोन विषयांत झालं, मग मुंबईत लॉ. सामाजिक कामात जायचं असेल तर समाजशास्त्र बघा. धडगाव-अक्कलकुव्याकडचा पोरगा असेल तर १९९६ चा पेसा (आदिवासी भागातल्या ग्रामसभांना अधिकार देणारा कायदा) आणि २००६ चा वनहक्क कायदा त्याच्या गावच्या ग्रामसभेतच बघायला मिळतो, फील्ड प्रोजेक्टला यापेक्षा भारी विषय कुठं शोधणार? इतिहास मायनर वाईट नाही, पण शाळेत शिकवायचं असेल तर बीएड लागणारच, ते आधीच धरून चाला.

अजून एक, कॉलेजात जे डिपार्टमेंट नाही तो मायनर यादीत असून उपयोग नाही, शिकवणारे सर-मॅडम आहेत का ते ॲडमिशनआधी विचारा. ओपन इलेक्टिव्ह, म्हणजे आवडीचा जादा विषय, दुसऱ्या शाखेचा घ्यावा लागतो, तिथं कॉम्प्युटर किंवा स्टॅटिस्टिक्सचं काही मिळालं तर सोडू नका.

आणि विषय चुकलाच असेल तर? कॉलेजला दांडी मारून, बॅकलॉग साठवून काही होत नाही. पहिलं वर्ष संपताना मेजर बदलायची सोय यूजीसीच्या नव्या आराखड्यात आहे, पण त्याच शाखेतला विषय मिळतो आणि जागा असावी लागते. त्यामुळं निकालाची वाट न बघता एचओडींना (विभागप्रमुखांना) भेटा, अर्ज लेखी द्या, त्याची पोच घ्या आणि एबीसी आयडीवर (क्रेडिट जमा होतात ते ऑनलाइन खातं) क्रेडिट चढलेत का तेही बघून घ्या.