उरलेल्या भरिताचा पाव-अंडी बेक

हिवाळ्यात खानदेशात भरिताची पार्टी झाली की पातेल्यात थोडंफार भरीत उरतंच. रविवारी न्याहारी आणि जेवण अकराच्या सुमारास एकदमच उरकायचं असेल, तर या भरितात पाव, अंडी आणि दूध घालून ओव्हनमध्ये भाजायचं. सगळं रात्री रचून ठेवता येतं, सकाळी फक्त भाजायचं राहतं. हा पदार्थ बिघडतो तो बहुतेक वेळा पाण्यामुळे. मसाल्याची चूक खपून जाते, पाण्याची नाही.

२० सेंमी चौरस आणि ५ सेंमी खोल भांड्यात सहा जणांचं होतं. त्याला लागतं: लादीपाव ६ (साधारण २४० ग्रॅम, आदल्या दिवशीचे), तयार भरीत ३०० ग्रॅम, अंडी ५, सायीसकट दूध ३५० मिली, किसलेलं प्रोसेस्ड चीज १०० ग्रॅम, मीठ अर्धा चमचा, हळद चिमूटभर, मिरपूड पाव चमचा, भांड्याला लावायला तूप.

भरीत उरलेलं नसेल तर ७०० ग्रॅमचं एक वांगं आणा. जळगाव जिल्ह्यातल्या बामणोदकडचं पांढरट-हिरवं, मोठं, वजनाला हलकं लागणारं वांगं मिळालं तर उत्तम. त्यात गर जास्त आणि बी कमी असतं. जळगावच्या भरिताच्या वांग्याला भौगोलिक मानांकन आहे ते उगाच नाही. सुरीने चार-पाच ठिकाणी टोचून तेल लावा, नाहीतर आतल्या वाफेने फुटतं. तुरीच्या काड्यांवर भाजलेल्याची चव गॅसवर येत नाही, पण इथे चालून जातं. देठाजवळचा भाग दाबला जाईपर्यंत भाजा. साल काढल्यावर गर अर्धा तास चाळणीत तिरपा ठेवा आणि गळलेलं पाणी सरळ टाकून द्या, ते कडसर असतं. मग दोन चमचे तेलात जिरं, मूठभर शेंगदाणे, मिरची-लसणाचा ठेचा आणि कांद्याची पात परतून त्यात गर ठेचून घाला.

आता मुख्य काम. भरीत ताजं असो की कालचं, कढईत मध्यम आचेवर सात-आठ मिनिटं आटवा. कालथ्याने बाजूला केल्यावर कढईचा तळ दिसला पाहिजे आणि तिथे पाणी परत यायला नको. पातीतलं पाणी इथेच निघून जातं. कच्ची पात वरून घातली तर ते बेकमध्ये उतरतं आणि तळाशी ओला लगदा होतो. पार्टीच्या भरितात तेल सढळ असतं. कढई तिरपी करून सुटलेलं तेल काढून घ्या, फेकू नका, भाकरीला होतं. भरीत पूर्ण गार होऊ द्या. टोमॅटो घालायचा मोह टाळा, त्याचंही पाणी सुटतं.

पावाचे इंचभराचे तुकडे १५० अंशांवर दहा-बारा मिनिटं कोरडे करा. रंग बदलायला नको, पण बोटांत दाबल्यावर कडक लागले पाहिजेत. ताजा मऊ पाव दूध नीट शोषत नाही, त्याची खळ होते.

तूप लावलेल्या भांड्यात अर्धा पाव पसरा. त्यावर भरिताचे चमचाभराचे गोळे अंतर ठेवून टाका आणि अर्धं चीज घाला. भरिताचा सलग थर दिला तर दूध खाली पोचत नाही, खालचा पाव कोरडा राहतो आणि कापताना थर एकमेकांवरून घसरतात. वर उरलेला पाव रचा. अंडी, दूध, मीठ, हळद आणि मिरपूड फेस न आणता ढवळून हळूहळू ओता, हाताने हलकं दाबा आणि उरलेलं चीज भुरभुरा. कच्च्या अंड्याचं मिश्रण चाखून पाहता येत नाही, म्हणून आधी भरीत चाखा. ते खारट असेल तर मीठ पाव चमचाच घाला. झाकून किमान दोन तास, किंवा रात्रभर, फ्रीजमध्येच ठेवा. थंडीतही ओट्यावर नको, दूध-अंड्याचं मिश्रण आहे.

भाजण्याआधी अर्धा तास भांडं बाहेर काढा. भांडं काचेचं असेल तर थंड काच गरम ओव्हनमध्ये तडकू शकते, शिवाय कडा शिजून मध्यभाग कच्चा राहतो. ओटीजी (घरगुती विजेचा ओव्हन) वरची-खालची दोन्ही कॉइल लावून १८० अंशांवर पंधरा मिनिटं तापवा, भांडं मधल्या जाळीवर ठेवा. पहिली २५ मिनिटं फॉइल लावून आणि पुढची १५ ते २० मिनिटं उघडं. मध्ये सुरी खुपसून पाहा: कोरडी आली की झालं, दुधाळ ओल दिसली तर आणखी पाच मिनिटं. घाईने २२० अंश करू नका. अंडं जास्त आवळलं की पाणी सोडतं, आणि आटवण्याची सगळी मेहनत फुकट जाते. काढल्यावर दहा मिनिटं थांबून कापा.

ओव्हन नसेल तर अ‍ॅल्युमिनियमचा डबा वापरा. मोठ्या कढईत मिठाचा थर आणि त्यावर तिवई ठेवून दहा मिनिटं तापवा, मग डबा ठेवून घट्ट झाकणाखाली मंद आचेवर ५० मिनिटं. वरून रंग येणार नाही. कापलेले तुकडे तव्यावर तेल सोडून उलटे भाजून घ्या.

अंडी न खाणाऱ्यांसाठी १०० ग्रॅम बेसन २०० मिली पाण्यात गुठळ्या मोडून कालवा आणि दुधात मिसळा, दूध तेवढंच. दहा मिनिटं जास्त भाजा, नाहीतर बेसन कच्चट लागतं. पोत घट्ट पिठल्याच्या वडीसारखा येतो. वाईट नाही, पण अंड्याचा मऊपणा त्यात शोधू नका.

सोबत घट्ट दही आणि भाजलेले बिबडे (ज्वारीचे खानदेशी पापड). उरलेलं फ्रीजमध्ये दोन दिवस टिकतं. गरम करताना मायक्रोवेव्हमध्ये पाव चिवट होतो, म्हणून तव्यावर झाकण ठेवून मंद आचेवर करा.