ॲक्सेसची फाइल संथ चालते? सीझन सुरू व्हायच्या आधी एवढं करून घ्या

द्राक्षबागांची ऑक्टोबर छाटणी सुरू झाली की दिंडोरी, निफाड, पिंपळगाव बसवंत पट्ट्यातल्या कृषी सेवा केंद्रांच्या काउंटरवर उसंत नसते. फवारण्यांचं चक्र सुरू होतं, शेतकरी औषधं उधारीवर नेतो आणि माल गेला की खातं मिटवतो. नेमकं त्याच दिवसांत एकेक खातं उघडायला वेळ लागतो, गिऱ्हाईक ताटकळतं आणि मालक वैतागून नवा कॉम्प्युटर घ्यायचं ठरवतो. पैसे खर्च करण्याआधी फाइल तपासा, हे मी कळकळीने सांगतो. कॉम्प्युटर ठणठणीत असतो आणि वर्षानुवर्षं हात न लावलेली फाइल जड झालेली असते, असं फार वेळा दिसतं. इथे मायक्रोसॉफ्ट ॲक्सेस या नोंदी ठेवण्याच्या (डेटाबेस) सॉफ्टवेअरबद्दल सांगतोय, कारण उधारीची खाती, जॉबवर्कच्या नोंदी, स्टॉक रजिस्टर अशा कामांना छोट्या धंद्यांत ते अजून वापरलं जातं.

आधी बॅकअप, मग बाकी सगळं

कुठल्याही दुरुस्तीआधी फाइलची प्रत काढायची. सगळ्या कॉम्प्युटरवरचं ॲक्सेस बंद करा आणि फाइल ज्या फोल्डरमध्ये आहे तिथे बघा. फाइल उघडी असेल तर शेजारी त्याच नावाची एक छोटी लॉक फाइल दिसते. सगळे बाहेर पडले की ती आपोआप जाते. ती दिसत असेल तर कोणीतरी अजून आत आहे, किंवा आधी कधीतरी ॲक्सेस नीट बंद न होता पडलं होतं. ती गेल्याशिवाय कॉपी करू नका. कॉपीच्या नावात तारीख घाला, एक प्रत त्याच मशीनवर ठेवा आणि एक पेनड्राइव्हवर घरी न्या. महत्त्वाचं म्हणजे ती प्रत उघडून शेवटचं बिल दिसतंय का ते बघा. न उघडलेल्या बॅकअपवर विसंबू नये.

कॉम्पॅक्ट अँड रिपेअर

एन्ट्री डिलीट केली तरी ॲक्सेसची फाइल लहान होत नाही. चाळीतले सडके कांदे काढले म्हणून चाळीची लांबी कमी होत नाही, तसंच. शिवाय मोठ्या क्वेरी (डेटातून हवं ते शोधण्याचे किंवा बदलण्याचे आदेश) चालवताना आणि डेटा इम्पोर्ट करताना ॲक्सेस तात्पुरती जागा घेतं, तीही फुगवटा वाढवते. कॉम्पॅक्ट केल्यावर ही मोकळी जागा परत मिळते, टेबलातल्या (तक्त्यातल्या) नोंदी प्रायमरी कीच्या, म्हणजे प्रत्येक नोंदीच्या वेगळ्या ओळख क्रमांकाच्या क्रमाने पुन्हा मांडल्या जातात, इंडेक्स (पुस्तकामागच्या सूचीसारख्या शोधायच्या याद्या) नव्याने बांधले जातात आणि क्वेरी कुठल्या वाटेने चालवायची हे ठरवण्यासाठी लागणारी आकडेवारी ताजी होते. म्हणून फायदा फक्त डिस्कवरच्या जागेचा नसतो.

फाइल उघडून ‘डेटाबेस टूल्स’मधलं ‘कॉम्पॅक्ट अँड रिपेअर डेटाबेस’ दाबलं की काम होतं. मला मात्र दुसरा मार्ग जास्त सुरक्षित वाटतो. कुठलीच फाइल न उघडता ॲक्सेस सुरू करा, तेच बटण दाबा, जुनी फाइल निवडा आणि नव्या फाइलला वेगळं नाव द्या. मूळ फाइलला धक्का लागत नाही आणि काही बिघडलंच तर मागे फिरता येतं. फाइल दुसऱ्या मशीनच्या शेअर्ड फोल्डरमध्ये असेल तर ती आधी आपल्या मशीनवर आणा, इथेच कॉम्पॅक्ट करा आणि मग परत जागेवर ठेवा. डिस्कवर फाइलच्या आकाराहून चांगली जास्त जागा रिकामी हवी.

झाल्यावर नव्या फाइलमध्ये ‘एमसिस कॉम्पॅक्ट एरर्स’ नावाचं टेबल तयार झालंय का ते बघा. झालं असेल तर काही नोंदी खराब निघाल्या आहेत आणि कुठल्या, ते त्यात लिहिलेलं असतं. तेवढ्या नोंदी जुन्या प्रतीशी ताडून घ्या.

‘कॉम्पॅक्ट ऑन क्लोज’ ही सेटिंग चालू करून मोकळं व्हावंसं वाटतं. एका मशीनवरच्या लहान फाइलला ती चालेल. तीन काउंटरवरून वापरल्या जाणाऱ्या फाइलला मुळीच नको. तिथे कॉम्पॅक्ट ठरवून, बॅकअपनंतर आणि सगळे बाहेर असतानाच करावं.

फाइल दोन भागांत करा

एकापेक्षा जास्त मशीन असतील तर टेबलं एका फाइलमध्ये आणि फॉर्म (एन्ट्री करायच्या खिडक्या), क्वेरी, रिपोर्ट दुसऱ्या फाइलमध्ये हवेत. ‘डेटाबेस टूल्स’मध्येच ‘मूव्ह डेटा’खाली ‘ॲक्सेस डेटाबेस’ हा पर्याय आहे, तो ही विभागणी करून देतो. टेबलांची फाइल मुख्य मशीनवर राहते आणि फॉर्मच्या फाइलची एकेक प्रत प्रत्येक काउंटरवर. सगळ्यांनी एकच फॉर्म फाइल शेअर्ड फोल्डरमधून उघडायची सवय मोडा. फाइल खराब होण्याचं ते मोठं कारण आहे.

इंडेक्स: खरा वेग इथे आहे

ॲक्सेसमध्ये शोधायचं काम मुख्य मशीन करत नाही. ते तुमच्या काउंटरचं मशीन करतं आणि त्यासाठी लागणारा डेटा केबलमधून ओढून आणतं. शेतकऱ्याच्या मोबाइल नंबरवर इंडेक्स नसेल तर एक खातं शोधायला पूर्ण टेबल काउंटरपर्यंत यावं लागतं. इंडेक्स असेल तर त्याचा थोडा भाग आणि हवी ती नोंद, एवढंच येतं.

टेबल डिझाइन व्ह्यूमध्ये उघडा, फील्ड (रकाना) निवडा आणि खालच्या ‘इंडेक्स्ड’ ओळीत ‘येस’चा पर्याय घ्या. ज्यावरून रोज शोधता (खाते क्रमांक, मोबाइल नंबर, बिलाची तारीख) आणि ज्यावरून दोन टेबलं जोडलेली आहेत, तेवढ्यालाच इंडेक्स द्या. ‘येणे बाकी: हो/नाही’ अशा दोनच पर्यायांच्या फील्डला देऊन फारसं काही मिळत नाही. प्रत्येक जादा इंडेक्स नवी एन्ट्री करताना सांभाळावा लागतो, त्यामुळे सगळ्या फील्डना दिलात तर बिल सेव्ह व्हायला वेळ लागेल. नावावरून शोधण्यापेक्षा मोबाइल नंबर बरा, कारण एकच माणूस कधी ‘बाळासाहेब शिंदे’ तर कधी ‘शिंदे बाळासाहेब’ म्हणून टाइप झालेला असतो.

इंडेक्स असूनही क्वेरी तो वापरेलच असं नाही. नावाच्या शोधात शब्दाच्या आधीच स्टार (*, म्हणजे ‘इथे काहीही चालेल’) टाकला की इंडेक्सचा उपयोग संपतो. स्टार फक्त शेवटी ठेवा. तारखेचंही तसंच. तारखेच्या फील्डला वर्ष काढणारं फंक्शन लावून त्याची २०२४ शी तुलना केली की प्रत्येक नोंद तपासावी लागते. त्याऐवजी आर्थिक वर्षाची अट थेट फील्डवर द्या:

>=#२०२४-०४-०१# आणि <#२०२५-०४-०१#

(टाइप करताना आकडे इंग्रजी आणि ‘आणि’च्या जागी इंग्रजी ‘अँड’.) तारीख वर्ष-महिना-दिवस अशीच लिहा. एसक्यूएल व्ह्यूमध्ये (जिथे क्वेरी मजकूर म्हणून लिहिता येते) #०१/०४/२०२४# लिहिलंत तर ॲक्सेस अमेरिकी पद्धतीने ४ जानेवारी समजतं, आणि एरर येत नसल्याने चुकीचा आकडा बरोबर म्हणून पुढे जातो. उधारीच्या यादीत असं झालं तर शेतकऱ्याशी विनाकारण वाद होतो.

जुनी वर्षं बाजूला

रोजच्या टेबलात चालू आणि मागचं वर्ष पुरतं. त्याआधीच्या मिटलेल्या खात्यांची बिलं वेगळ्या फाइलमध्ये हलवा. आधी अपेंड क्वेरी (नोंदी दुसऱ्या टेबलात जोडणारी) चालवा, दोन्हीकडच्या नोंदींची संख्या आणि रकमेची बेरीज जुळवा, मगच डिलीट क्वेरी आणि शेवटी कॉम्पॅक्ट. ज्यांची बाकी येणं आहे त्यांना हात लावू नका. जुनं काढून टाकू तर अजिबात नका: जीएसटी कायद्यानुसार हिशेबाच्या नोंदी त्या वर्षाच्या वार्षिक रिटर्नच्या शेवटच्या तारखेपासून ७२ महिने जपाव्या लागतात.

बिलांचे, सातबाऱ्याचे फोटो टेबलात ठेवले असतील तर ते फोल्डरमध्ये काढा आणि टेबलात फक्त फाइलचा पत्ता लिहा. ॲक्सेसच्या एका फाइलची कमाल मर्यादा २ जीबी आहे आणि फोटो ती झपाट्याने गाठतात.

केबल, वीज आणि क्लाउड

मुख्य फाइल वायफायवरून वापरू नका. सिग्नल क्षणभर तुटला आणि तेव्हाच नोंद लिहिली जात असेल तर फाइल बिघडू शकते. दुकानात लॅन केबल टाकून घ्या, खर्च फार नाही. वीज गेल्यावरही हाच धोका असतो, म्हणून मुख्य मशीनला आणि नेटवर्कच्या स्विचलाही यूपीएस हवा. स्विच सगळेच विसरतात. चालू फाइल वनड्राइव्ह किंवा गूगल ड्राइव्हच्या सिंक होणाऱ्या फोल्डरमध्ये ठेवू नका, तिथे फक्त बॅकअपची प्रत जाऊ दे.

सीझनमध्ये रोज रात्री बॅकअप, महिन्यातून एकदा कॉम्पॅक्ट, आणि प्रत्येक वेळी फाइलचा आधीचा व नंतरचा आकार एका वहीत तारखेसह लिहा. कॉम्पॅक्टनंतरही आकार १ जीबीच्या पुढे जात असेल, किंवा दुसऱ्या गावातल्या शाखेलाही तीच खाती हवी असतील, तर टेबलं मोफत मिळणाऱ्या एसक्यूएल सर्व्हर एक्सप्रेस या मायक्रोसॉफ्टच्याच दुसऱ्या डेटाबेसवर हलवायची तयारी सुरू करा. फॉर्म आणि रिपोर्ट ॲक्सेसमध्येच राहतात, थोडेफार बदल करावे लागतात. हे काम मात्र पावसाळ्यात हाती घ्या, छाटणी सुरू झाल्यावर नको.