बँडच्या मागच्या पडद्यावर काय लावायचं? म्यूच्या योनासकडून शिकून केलेला घरगुती जुगाड

पोस्टर झालं, सेटलिस्ट ठरली, आणि मग शोच्या दोन दिवस आधी कुणीतरी म्हणतं, अरे हॉलमध्ये प्रोजेक्टर आहे की, मागे काहीतरी लावूया ना. हे "काहीतरी" म्हणजे बहुतेक वेळा नेटवरून उचललेली आकाशगंगा, नाहीतर बँडचा लोगो गरगर फिरतोय. मी पण केलंय हे, त्यामुळे हसत नाहीये कुणाला. पण नंतर म्यूचे लाइव्ह व्हिडिओ बघितले आणि लक्षात आलं की आपण पडद्याकडे डेकोरेशन म्हणून बघत होतो, आणि तो माणूस बघतोय बँडमधला आणखी एक वाद्यवाला म्हणून.

तो माणूस म्हणजे योनास ब्येरे. म्यू हा डेन्मार्कचा रॉक बँड, 1995 मध्ये हेलेरुपला सुरू झाला, म्हणजे कोपनहेगनला अगदी चिकटून. योनास त्यांचा गायक, आवाज एकदम उंच आणि पातळ, पहिल्यांदा ऐकलं की वाटतं गातोय कोण, बाई की लहान मुलगा. आणि म्यूच्या शोमध्ये मागे जी ॲनिमेशनं चालायची, ती विचित्र प्राणी वगैरे, ती तोच बनवायचा. ज्याने गाणं लिहिलं, जो ते गातोय, त्याच्याच हातचं चित्र त्याच्याच डोक्यामागे. बाहेरच्या एजन्सीला ब्रीफ देऊन असलं काही मिळत नाही. म्हणून माझा पहिला आणि खरं तर एकच हट्ट आहे, व्हिज्युअल्स बँडमधल्याच कुणीतरी करायची, चित्रकला कितीही वाईट असली तरी. ज्याला तिसऱ्या कडव्याआधी ड्रम कधी थांबतात ते पाठ आहे त्याचं वाकडं मांजर, गाणं न ऐकलेल्या माणसाच्या सुंदर थ्रीडीपेक्षा चांगलं दिसतं.

आता करायचं कसं. कॉम्प्युटर नंतर, आधी गाणं कागदावर काढा. सरावाला म्यूचंच "कम्फर्टिंग साउंड्स" घ्या, 2003 च्या फ्रेंगर्स अल्बममधलं शेवटचं गाणं, जवळजवळ नऊ मिनिटांचं. आडवी रेघ मारा, खाली मिनिटं लिहा, आणि ऐकता ऐकता आवाज जसा चढेल तशी वर रेघ काढत जा. दिसेल काय, तर सुरुवातीला फक्त गिटार आणि आवाज. मग हळूहळू एकेक थर. उत्तरार्धात गाणं म्हणणं जवळपास संपतं आणि नुसती वाद्यं तीच सुरावट घेऊन चढत राहतात चढत राहतात. बरेच शो ते याच गाण्यावर संपवायचे, आणि यात आपल्या कामाची गोष्ट अशी की पहिल्या दोन मिनिटांतच पडद्यावर सगळं ओतलंत तर पुढची सात मिनिटं दाखवणार काय? मी पहिल्यांदा नेमकं हेच केलं होतं, पहिल्या ओळीलाच रंगच रंग, आणि खरा क्लायमॅक्स आला तेव्हा तोच लूप अकराव्यांदा फिरत होता. आता मी रेघ जिथे सगळ्यात वर जाते तिथलं चित्र आधी ठरवतो, आणि तिथून मागे मागे येत एकेक गोष्ट काढून टाकतो. सुरुवातीला उरतो एखादा ठिपका. किंवा काहीच नाही, काळा पडदा, तोही चालतो.

दुसरं म्हणजे शब्दांचं चित्र काढू नका. गाण्यात पाऊस आला की पडद्यावर पाऊस, हे गणपतीच्या देखाव्यात ठीक आहे, तिथे गोष्टच सांगायची असते. इथे लोक शब्द ऐकतायत ना, मग तेच परत का दाखवायचं. त्याऐवजी एक पात्र धरा आणि ते सगळ्या शोभर ठेवा, तुमचं तुमचं. माझं एक बिनशेपटीचं माकड आहे, ते का आहे मला विचारू नका.

पात्र कसं काढायचं, तर सगळ्यात स्वस्त म्हणजे कागद कापून. डोकं, हात, पाय, धड वेगवेगळं कापा, जाड कार्डशीटचं, सांधे जोडायला दोरा किंवा स्टिकी टॅक. खाली काळा मखमली कागद नाहीतर काळं कापड, वर मोबाइल स्टँडला उलटा, आणि कुठलंही स्टॉप मोशनचं (म्हणजे एकेक फोटो जोडून हालचाल दाखवणारं) ॲप. फोकस, एक्सपोजर (उजेड किती घ्यायचा ते) आणि व्हाइट बॅलन्स (रंगछटा) तिन्ही लॉक करायचं, नाहीतर प्रत्येक फोटोला फोन स्वतःचं डोकं चालवतो आणि सगळी क्लिप लुकलुकते. खिडकी बंद, कारण ढग येतात जातात आणि दोन तास चालणाऱ्या शूटमध्ये ऊन सरकतं, ते त्या वेळी कळत नाही, नंतर कळतं. ज्यांना कॉम्प्युटरवरच काढायचंय त्यांना क्रिटा आणि ब्लेंडर दोन्ही फुकट आहेत, दोन्हीत फ्रेम बाय फ्रेम ॲनिमेशन होतं, पण मी सांगेन पहिलं गाणं कागदावरच करा, कागदाचा थरथराट पडद्यावर जिवंत वाटतो.

काळ्या बॅकग्राउंडचा आग्रह का, तर प्रोजेक्टर काळा रंग फेकूच शकत नाही, काळं म्हणजे तिथे उजेड नाही. त्यामुळे काळ्यावर काढलेलं माकड हवेत तरंगतं. पांढऱ्या बॅकग्राउंडवर काढलंत की बँडच्या मागे एक झगझगीत चौकोन, ऑफिसमधल्या प्रेझेंटेशनसारखा, आणि सगळा मूड तिथेच खलास.

आता गणित, आणि इथे जरा थांबा कारण इथेच सगळे चुकतात. व्हिडिओ सेकंदाला 24 फ्रेमचा ठेवा. एका ठोक्याला किती फ्रेम हे काढायचं तर 60 ला गाण्याच्या बीपीएमने (म्हणजे मिनिटाला किती ठोके) भागायचं आणि 24 ने गुणायचं. 120 बीपीएम असेल तर 12 फ्रेम. 90 ला 16. 96 ला 15, 144 ला 10. हे पूर्ण आकडे आले की नशीब, कारण मग माकडाचं पाऊल बरोब्बर ठोक्यावर पडतं. कागदाच्या ॲनिमेशनमध्ये एक चित्र दोन फ्रेम धरायचं, म्हणजे सेकंदाला बाराच फोटो काढायचे, डोळ्याला तेवढं पुरतं. म्हणजे 120 च्या गाण्यात ठोक्याला सहा फोटो, दोन पावलं चालायला बारा फोटो, झाला चालण्याचा लूप तयार, आता तो दहा मिनिटं चालवा. 25 फ्रेमला हेच केलं तर ठोक्याला साडेबारा येतात आणि अर्धी फ्रेम नसते, मग लूप हळूहळू सरकतो आणि तिसऱ्या मिनिटाला माकड दारू प्यायल्यासारखं चालतं. तुमच्या गाण्याचा टेम्पो 117 वगैरे असेल तर ड्रमरला प्रेमाने विचारा की 120 ला वाजवशील का. चिडतो तो, पण ऐकतो.

एक मजा सांगतो, थोडं विषयांतर आहे पण कामाचं आहे. म्यूच्या 2009 च्या अल्बममध्ये, ज्याचं नाव म्हणजे अख्खी कविताच आहे, सुरुवातीला "न्यू टेरेन" नावाचं गाणं आहे, ते उलटं वाजवलं की दुसरंच गाणं निघतं, त्याचं नाव "नर्व्हस". हे ऐकल्यापासून मी बनवलेली प्रत्येक क्लिप एकदा उलटी चालवून बघतो. परातीत पाणी घ्या, त्यात शाईचा थेंब सोडा, वरून शूट करा आणि उलटं लावा. पसरलेलं सगळं आक्रसत आक्रसत एका ठिपक्यात जातं, आणि गाणं संपताना यापेक्षा भारी शेवट मला अजून सापडलेला नाहीये. खर्च परात आणि शाई.

गाण्यांच्या मधल्या जागेचं पण बघा. म्यूच्या 2005 च्या अँड द ग्लास हँडेड काइट्समध्ये गाणी एकमेकांत मिसळत जातात, जवळजवळ थांबतच नाहीत, एक संपलं कधी आणि दुसरं लागलं कधी पत्ता लागत नाही. तसं पडद्यावर करायचं असेल तर एका गाण्यातली एखादी छोटी वस्तू पुढच्या गाण्यात न्या. माकडाच्या हातातला फुगा पुढच्या गाण्यात चंद्र. एवढंच. पण ड्रमर काठ्या शोधतोय आणि गायक पाणी पितोय तेव्हा पडद्यावर लॅपटॉपचा डेस्कटॉप आणि त्यावरची तुमची पर्सनल फोल्डरं दिसता कामा नयेत, म्हणून पाच मिनिटांची नुसती काळी क्लिप बनवून ठेवा आणि प्रत्येक दोन गाण्यांत ती घाला.

आता गाणं आणि चित्र एकत्र चालवायचं कसं. दोन रस्ते आहेत. पहिला, क्लिक. व्हिडिओच्या फाइलमध्येच उजव्या चॅनलवर ड्रमरला ठोका दाखवणारी टिक टिक क्लिक टाकायची, डाव्या चॅनलवर बॅकिंग काही असेल तर ते, लॅपटॉपच्या हेडफोन सॉकेटमधून दोन वायरी, उजवी ड्रमरच्या हेडफोनला, डावी मिक्सरला, मध्ये डीआय बॉक्स (लॅपटॉप आणि मिक्सरमध्ये जोडायची छोटी डबी), त्याने घुंई येत नाही. साउंडवाल्या दादांना आधीच हात जोडून सांगा की उजवी वायर चुकून मेनला लावू नका, आमच्या एका शोला अख्ख्या पब्लिकने दीड मिनिट टिक टिक ऐकलीय आणि लोकांना वाटलं हे एक्सपेरिमेंटल आहे, टाळ्या पण पडल्या. दुसरा रस्ता म्हणजे क्लिक नको, एक मित्र लॅपटॉपपाशी बसवा, कडवं बदललं की तो क्लिप बदलेल. यात चित्रं संथ ठेवायची, धूर, शाई, हळू फिरणारं डोकं, म्हणजे ठोका हुकला तरी कळत नाही. मित्र मात्र गाणी पाठ असलेलाच हवा, उत्साही नको.

पडदा. हॉलचा पांढरा पडदा असेल तर ठीक, नाहीतर मांजरपाट घ्या, इस्त्री करून, कारण घडीच्या रेषा चित्रात दिसतात. प्रोजेक्टरच्या कागदावर थ्रो रेशो (अंतर भागिले चित्राची रुंदी) लिहिलेला असतो, साधारण दीड असेल तर सहा मीटर लांब ठेवल्यावर चार मीटर रुंद चित्र पडतं, उंची सव्वादोन मीटर. हे घरीच भागाकार करून बघा, हॉलवर जाऊन कळलं की खांब मध्ये येतोय तर काही करता येत नाही. प्रोजेक्टर शक्य तेवढा उंच, नाहीतर बासवाल्याचं डोकं सगळ्या शोभर माकडाच्या पोटात. छोट्या हॉलला तीन हजार ल्युमेन (प्रोजेक्टरच्या उजेडाचं माप) पुरतात पण अट एकच, स्टेजवर समोरून पडणारा पांढरा उजेड बंद. तो चालू असेल तर दहा हजार ल्युमेन पण धुऊन निघतात. बँडला बाजूने थोडा उजेड द्या, चेहरे अर्धे दिसले तर बिघडत नाही.

आणि जाळी वापरून बघाच. योनासचा आणखी एक ग्रुप होता अपारातयिक, त्यात कोल्डप्लेचा बासवाला गाय बेरीमन, आ-हा बँडचा माग्ने फुरुहोल्मेन (तो पण चित्रकार) आणि निर्माता मार्टिन टेरेफे. ही मंडळी एका मोठ्या क्यूबच्या आत उभी राहून वाजवायची आणि चित्रं क्यूबच्या बाजूंवर. 2011 मध्ये बर्लिनच्या नॉये नॅशनलगॅलरीत, म्हणजे चक्क आर्ट म्युझियममध्ये, त्यांनी हे केलं, आणि या कार्यक्रमाचं नाव घेतलं मोहॉली-नॉज या हंगेरियन कलाकाराच्या प्रकाशाच्या यंत्रावरून, जे 1930 चं आहे. आपल्याला क्यूब परवडणार नाही पण पांढरी मच्छरदाणी परवडते. ती बँडच्या पुढे ताणून लावा आणि समोरून, जरा वरून, चित्र टाका. पुढून उजेड आणि मागे अंधार असेल तर जाळीवर चित्र दिसतं आणि बँड गायब, बँडवर लाइट टाकला की जाळी गायब आणि बँड प्रकट. एका गाण्यापुरतंच करा, सगळा शो केलात तर पब्लिकला वाटतं डासांची काळजी घेतलीय. आणि पुढच्या रांगेतल्या लोकांच्या डोळ्यात प्रोजेक्टर जात नाही ना ते स्वतः तिथे बसून बघा.

किती गाण्यांना करायचं? म्यूच्या 2017 च्या अल्बमचं नावच व्हिज्युअल्स आहे, कल्पना अशी की प्रत्येक गाण्याला त्याचं स्वतःचं दृश्य, आणि त्यात गाणी अकरा. तुम्ही अकराच्या भानगडीत पडू नका. पहिल्या शोला तीन गाणी करा, बाकीच्यांना काळा पडदा. खरं सांगतो, काळ्या पडद्यानंतर जे चित्र येतं त्याला लोक मोबाइल खाली ठेवून बघतात. तीन गाण्यांना मला संध्याकाळी दोन दोन तास धरून महिनाभर लागला होता.

शोच्या दिवशी लॅपटॉप एक्स्टेंड मोडला (पडदा वेगळा), मिररला (लॅपटॉपवरचं तेच पडद्यावर) नाही. वायफाय बंद, नोटिफिकेशन बंद, स्क्रीनसेव्हर आणि स्लीप बंद, चार्जर लावलेला. फाइल 720 ची असली तरी चालते, काळ्यावरच्या चित्रात कुणाला फरक कळत नाही आणि जुना लॅपटॉप अडखळत नाही. सगळं एकाच व्हिडिओत जोडून एक्सपोर्ट केलेली एक कॉपी पेनड्राइव्हवर. एचडीएमआयची लांब वायर स्वतःची न्या आणि आदल्या दिवशी चालवून बघा, हॉलवाल्यांची "आहे हो आमच्याकडे" वाली वायर पाच मीटरची निघते आणि प्रोजेक्टर असतो बारा मीटरवर. वायरी जमिनीला चिकटवायला काळा गॅफर टेप (कापडी चिकटपट्टी) दोन रोल. आणि साउंडचेकला एकदा सगळे लाइट घालवून हॉलच्या अगदी मागच्या भिंतीला टेकून एक अख्खं गाणं बघा, बँड वाजवत असताना, तुमच्या जागी दुसऱ्या कुणाला तरी उभं करून. मी हे केलं तेव्हा कळलं की माझ्या माकडाचं तोंड बरोब्बर आमच्या गायकाच्या मागे येतंय, मग सगळं चित्र हातभर डावीकडे सरकवलं.