चित्रकार आबालाल रहिमान समजून घ्यायचेत? मग असं करा

आधी पुस्तक नको, थेट कोल्हापूर गाठा. टाऊन हॉल म्युझियममध्ये त्यांची ओरिजिनल चित्रं बघा, मोबाईलवर ते रंग कळतच नाहीत. मग कोटितीर्थ तलावावर जा, कारण हा माणूस मुंबईच्या जे. जे. स्कूलमध्ये शिकून परत कोल्हापुरात आला आणि याच पाण्याजवळ रमला.

सकाळी एकदा आणि ऊन कलताना परत, एकाच जागी बसून छोटं वॉटरकलर स्केच करा. आधी आकाश, मग पाण्यातलं प्रतिबिंब, झाडांचे डिटेल्स अगदी शेवटी (आपण सगळे उलटं करतो आणि कागदाचा चिखल होतो, मी पण). पाण्यातली सावली वरच्या वस्तूपेक्षा जरा मऊच ठेवायची.

करिअर समजायचं तर शाहू महाराजांपासून सुरुवात करा, ते त्यांचे आश्रयदाते. 1922 ला महाराज गेले तेव्हा म्हणे दुःखात आबालालांनी ढीगभर चित्रं कोटितीर्थातच बुडवली. ही गोष्ट ऐकीव म्हणूनच घ्या, पण नंतर तलावाकडे बघताना डोक्यातून जात नाही बघा. 1931 ला ते स्वतः गेले.