ब्रसेल्सला जाताय? मग आर्ट नूव्हो असं बघा

ब्रसेल्सला गेलात की ग्रां प्लास या मुख्य चौकात फोटो काढून, चॉकलेटं घेऊन लगेच पुढची ट्रेन पकडू नका, एक अख्खा दिवस नुसती आर्ट नूव्हो घरं बघायला ठेवा, म्हणजे १८९० च्या सुमाराची, वेलीसारख्या वळणदार रेषांच्या शैलीतली.

सकाळी सुरुवात पॉल-एमिल जान्सन रस्त्यावरच्या ६ नंबरपासून करा. वास्तुविशारद व्हिक्टर ओर्तानं १८९३ मध्ये पूर्ण केलेलं हे तासेल घर, आर्ट नूव्हो घरबांधणीचा उगम बरेच जण इथेच मानतात. आत सहज जाता येत नाही, आणि बाहेरून पहिल्यांदा वाटतं की यात काय एवढं, पण घाई करू नका. तिथली जुनी घरं अरुंद आणि खोल, मधली खोली कायम अंधारी, ओर्तानं नेमकं मध्येच लोखंड आणि काच वापरून वरून उजेड आणला, आपल्या वाड्यात चौकातून येतो ना तसा. हे कळलं की नक्षीच्या पुढचं दिसायला लागतं.

मग जवळच देफाक्झ रस्त्यावर ७१ नंबरला दुसरा वास्तुविशारद पॉल हांकार याचं स्वतःचं घर बघा, तेही १८९३ चंच! आणि ४८ नंबरची भिंत तर सोडूच नका, ओला गिलावा खरवडून खालचा रंग वर आणून काढलेली चित्रं आहेत.

दुपारी चालत ओर्ता म्युझियमला, म्हणजे ओर्ताच्या स्वतःच्या घरी जा, तिकीट आधीच बुक करा. इथे माझी एकच ट्रिक, जिन्याच्या कठड्याची एक रेघ पकडायची आणि ती कुठे कुठे जाते ते बघत राहायचं, वेलीच्या देठासारखी वळत वळत भिंतीवर, दिव्यात, दाराच्या मुठीत, सगळीकडे तीच भेटते. ओर्तानं फुलापेक्षा देठावर जास्त प्रेम केलं असं मला तरी वाटतं. वर काचेचं छत येईपर्यंत सावकाश चढा.

संध्याकाळी आंबिओरिक्स चौक. तिथलं सँ-सीर घर फक्त ४ मीटर रुंद आहे, जेमतेम विशीतल्या वास्तुविशारद स्ट्रोव्हाँनं डिझाइन केलेलं, लोखंड नुसतं फेसासारखं उसळलंय. तिथून पाच मिनिटांवर व्हान एटव्हेल्डचं घर. हा माणूस बेल्जियमचा राजा लिओपोल्ड याच्या ताब्यातल्या आफ्रिकेतल्या काँगोचा कारभार बघायचा, त्या काळातल्या या सगळ्या श्रीमंतीत तिथून लुटून आणलेलं लाकूड आणि हस्तिदंत आहे, म्हणून आत जाता आलं तर रंगीत काचेच्या घुमटाखाली उभे राहा, आणि गाईडला लाकूड कुठून आलं तेही विचारा.